दोन डोक्यांचा गुन्हेपट

जर्मन चित्रपटाच्या श्रेयनामावलीत एक ओळ वारंवार भेटते: 'बुख उंड रेजी'. बुख म्हणजे पुस्तक, पण या धंद्यात त्याचा अर्थ पटकथा. रेजी म्हणजे दिग्दर्शन. पुढे एकच नाव. ही ओळ आपल्या नावावर लागावी असं तिथल्या बहुतेक तरुण दिग्दर्शकांना वाटतं, आणि त्यामागे साठ वर्षांची परंपरा आहे. १९६२ साली ओबरहाउझेनच्या लघुपट महोत्सवात सव्वीस जणांनी 'जुना सिनेमा मेला' असं जाहीर केलं, नवा सिनेमा करण्याचा हक्क मागितला. तीन वर्षांनी नवोदितांसाठी सरकारी पैशातून निधी उभा राहिला. पाठोपाठ चित्रपट अनुदानाचा कायदा आला. या सगळ्यातून जो आदर्श रुजला त्यात दिग्दर्शक हाच कृतीचा कर्ता होता, आणि कर्ता म्हटल्यावर त्याने स्वतःच लिहायला हवं हे ओघाने आलं.

आठवणींच्या सिनेमाला, घरातल्या घुसमटीच्या गोष्टीला हे तत्त्व मानवतं. गुन्हेपटाला ते क्वचितच मानवतं. हे सगळ्यात स्पष्ट दिसतं ते ज्याला आज जर्मन गुन्हेपटाचा सर्वांत मोठा दिग्दर्शक मानतात, त्या डोमिनिक ग्राफच्या कारकिर्दीत. त्याने स्वतः लिहिलं नाही असं नाही. पण त्याची सर्वांत टणक कामं दुसऱ्याच्या पटकथेवर उभी आहेत. सार्वजनिक पैशाने गुन्हेपट काढणाऱ्या वाहिन्यांनी यातून धडा घ्यायचा तर लेखकाची आणि दिग्दर्शकाची खुर्ची वेगळी ठेवायला हवी, आणि त्यातली लेखकाची खुर्ची आज आहे त्यापेक्षा बरीच भक्कम करायला हवी.

सार्वजनिक पैसा म्हणजे किती? जर्मनीत घरटी महिन्याला १८.३६ युरो प्रसारणशुल्क भरावं लागतं, मग घरात टीव्ही असो वा नसो. त्यावर एआरडी हा प्रादेशिक वाहिन्यांचा संघ, झेडडीएफ ही देशव्यापी वाहिनी आणि सार्वजनिक रेडिओ चालतात. या पैशातलं सर्वांत लाडकं अपत्य म्हणजे 'टाटोर्ट', अर्थात घटनास्थळ. २९ नोव्हेंबर १९७० रोजी पहिला भाग लागला, आणि रविवारी रात्री आठच्या बातम्या संपल्या की सव्वाआठला 'टाटोर्ट' ही सवय अजून मोडलेली नाही. कल्पना अशी की प्रत्येक प्रादेशिक वाहिनीने आपल्या शहराचा कमिसार, म्हणजे तपास करणारा पोलीस अधिकारी, उभा करायचा: हॅम्बुर्गचा वेगळा, म्युनिकचा वेगळा, डुइसबुर्गचा आणखी वेगळा. भाग नव्वद मिनिटांचा, गोष्ट त्याच रात्री संपणारी. संघराज्य पद्धत टीव्हीवर इतकी नीट बसवलेली दुसरीकडे पाहायला मिळणार नाही. आपल्याकडे दूरदर्शनवर 'ओल्ड फॉक्स' पाहिलेल्या पिढीला या घराण्याची तोंडओळख आहे. तो झेडडीएफचा म्हातारा कमिसार, इंग्रजीत डब होऊन आलेला.

आता हा नव्वद मिनिटांचा भाग तयार कसा होतो ते पाहू, कारण घोडं तिथेच अडतं.

लेखक आधी एक्सपोजे देतो, म्हणजे पाच-सात पानांत गोष्ट. ते वाहिनीच्या संपादकाला पटलं तर ट्रीटमेंट, वीस-तीस पानांचं, प्रसंगवार पण संवादांशिवाय. मग पहिला ड्राफ्ट, नव्वद-शंभर पानं, ढोबळमानाने पानाला एक मिनिट. त्यावर निर्मात्याच्या सूचना, संपादकाच्या सूचना, मग दुसरा ड्राफ्ट, तिसरा, चौथा. मानधन हप्त्यांनी मिळतं आणि प्रत्येक हप्ता कागदाला बांधलेला असतो: पानं दिली की पैसे. या हिशेबात एक गोष्ट कुठेच बसत नाही, ती म्हणजे पानं लिहिण्याआधीचा काळ. सिगारेटची तस्करी कशी चालते, खबऱ्याला पोलीस पैसे कसे देतात, विशेष पथकाचा माणूस दारावर उभा असताना कोणत्या पायावर भार देतो, हे कळायला सहा महिने लागतात आणि ते सहा महिने लेखकाच्या खिशातून जातात. ज्याला घर चालवायचं आहे तो हे सहा महिने देत नाही. मागच्या दहा भागांत पाहिलेलं तो अकराव्यात लिहितो. 'काल रात्री आठ ते दहा तुम्ही कुठे होता?' हे वाक्य इतक्या वेळा का ऐकू येतं, याचं उत्तर प्रतिभेच्या अभावात शोधू नये. ते मानधनाच्या तक्त्यात आहे.

दुसरं गणित चित्रीकरणाचं. एका 'टाटोर्ट'ला साधारण २२ दिवस मिळतात. नव्वद मिनिटं भागिले बावीस, म्हणजे रोज चार मिनिटांहून जास्त पक्कं चित्रीकरण हातात यायला हवं. टेबलाच्या दोन बाजूंना दोन माणसं बसवून चौकशी करायची असेल तर चार मिनिटं अर्ध्या दिवसात होतात: एक मोठा शॉट, दोन खांद्यांवरून, दोन चेहरे, आणि जेवणाची सुट्टी. पण भर रस्त्यात पाठलाग करायचा, गाड्या थांबवायच्या, पोलीस परवाना घ्यायचा, स्टंटची तालीम करायची, तर एका दिवसात मिनिटभरही पदरात पडत नाही. समजा पटकथेत तीन मिनिटांची धावपळ आहे आणि तिला तीन दिवस गेले. उरलेल्या एकोणीस दिवसांत सत्त्याऐंशी मिनिटं उरकायची. रोजची सरासरी साडेचारच्या वर जाते. ती भरून काढायला आणखी टेबलं, आणखी खुर्च्या. जर्मन गुन्हेपट बोलघेवडा आहे अशी तक्रार तिथले समीक्षक नेहमी करतात. तो बोलघेवडा आहे, कारण बोलणं स्वस्त पडतं.

या दोन गणितांच्या मध्ये 'बुख उंड रेजी'वाला माणूस आला की काय होतं? लिहितानाच त्याच्या डोक्यात कॉल शीट, म्हणजे चित्रीकरणाचं रोजचं वेळापत्रक, असते. रात्रीचा बाहेरचा प्रसंग महाग जाणार हे त्याला ठाऊक असतं, म्हणून तो आधीच दिवसाचा आतला करून टाकतो. निर्मात्याला असा माणूस हवाच असतो: एक मानधन वाचतं, भांडण नाही, सुधारणा झटपट. बजेटच्या बाजूने हे शहाणपण आहे. पण गोष्टीत जी जागा अवघड म्हणून मोलाची होती, ती कोणाच्या लक्षात येण्याआधीच गायब झालेली असते. वेगळा लेखक तो प्रसंग बिनदिक्कत लिहितो, कारण तो चित्रित करण्याची डोकेदुखी त्याची नसते. मग दिग्दर्शक कपाळाला हात लावतो, शिव्या घालतो आणि काहीतरी मार्ग काढतो. तो मार्ग म्हणजेच पुष्कळदा शैली.

ग्राफ नेमका असा घडला. १९५२ सालचा म्युनिकचा जन्म, तिथल्याच चित्रपट विद्यालयात शिक्षण, आणि मग सुरुवातीच्या कलात्म प्रयत्नांनंतर तो संध्याकाळच्या पोलीस मालिकेत शिरला. 'डेर फान्डर' ही पन्नासेक मिनिटांच्या भागांची मालिका, नायक साध्या कपड्यातला शोधपथकाचा पोलीस. प्राइम टाइमच्या आधीची वेळ, जाहिरातींच्या मध्ये. अशा ठिकाणी दिग्दर्शकाला हातात पडलेली पटकथा घेऊन काही दिवसांत ती उभी करायची असते. ग्राफने तिचे दहा-बारा भाग केले. ही त्याची खरी तालीम. पटकथा न आवडली तरी ती आधी पूर्ण समजून घ्यायची, तिच्यातलं जिवंत काय ते हुडकायचं आणि बाकीचं वेगाने उरकायचं, हे असं कारखान्यातच शिकता येतं. स्वतःचंच लिहिलेलं चित्रित करणाऱ्याला ही शिस्त लागत नाही. त्याला आपलं सगळंच जिवंत वाटतं.

१९८८ सालचा 'डी काट्झे' (मांजर) पाहिला की हे फळाला आलेलं दिसतं. मूळ कादंबरी उवे एरिक्सनची, पटकथा त्याची आणि क्रिस्टोफ फ्रोम याची. ड्युसेलडॉर्फमध्ये दोन दरोडेखोर बँकेत ओलीस धरून बसले आहेत. त्यांचा सूत्रधार प्रोबेक समोरच्या उंच हॉटेलच्या खोलीत आहे. वरून त्याला रस्ता दिसतो, बँक दिसते, पोलिसांची जमवाजमव दिसते. खालच्या दोघांकडे फक्त वायरलेसवरचा त्याचा आवाज आहे. पोलिसांना खालचे दोघे माहीत आहेत, वरचा माहीतच नाही. सगळा चित्रपट या तीन टोकांच्या माहितीतल्या फरकावर चालतो. आता यातलं पटकथेचं काय आणि दिग्दर्शनाचं काय? उंची, काच आणि वायरलेस ही मांडणी कथेची आहे. पण खिडकीजवळच्या माणसाच्या अंगाला येणारा घाम, रस्त्याच्या आवाजाचं अचानक तुटणं, पोलीसप्रमुखाच्या मागे सतत कोणीतरी काहीतरी बोलत असणं, ही सगळी ग्राफची भर आहे. त्याने मांडणी बदलली नाही, तिच्यात गर्दी भरली. गुन्हेपटात दिग्दर्शकाचं काम हेच असावं असं मला वाटतं: सांगाडा दुसऱ्याकडून घ्यायचा आणि त्यावर मांस चढवताना हात आखडता घ्यायचा नाही.

त्याची ओळख बनलेल्या सगळ्या क्लृप्त्या टंचाईतून आल्या आहेत. झूम लेन्स घ्या. ट्रॉलीचे रूळ टाकायला अर्धा तास जातो, झूम करायला हात फिरवावा लागतो. शिवाय झूम टेहळणीसारखी दिसते, म्हणजे गोष्टीला साजते. किंवा दोन गोष्टी एकाच वेळी सांगण्याची सवय: पडद्यावर माणूस जिना चढतो आहे आणि कानावर आधीच्या बैठकीतला संवाद सुरू आहे. चार मिनिटांची बैठक अशी दीड मिनिटात बसते, जिनाही वाया जात नाही. माहितीने ठासलेली पटकथा हातात आली नसती तर ही युक्ती सुचण्याचं कारणच पडलं नसतं.

पुढचा टप्पा अपयशाचा. १९९४ चा 'डी झीगर' (विजेते) पोलिसांच्या विशेष पथकावर होता, लेखक गुंटर श्युटर. पथकातल्या एकाला कारवाईत असा सहकारी दिसतो जो मेला असं सगळे मानत होते. तिथून धागा राजकारणापर्यंत जातो. मोठं बजेट, मोठी अपेक्षा, आणि तिकीटबारीवर साफ आपटी. चित्रपटगृहाची दारं ग्राफला बराच काळ बंद झाली. इथे दुसरा कोणी असता तर लेखकावर खापर फोडून स्वतः लिहायला बसला असता. ग्राफ मात्र त्याच श्युटरला घेऊन टीव्हीवर परतला आणि पुढच्याच वर्षी म्युनिकच्या 'टाटोर्ट'चा 'फ्राउ बू लाख्ट' (बू बाई हसतात) हा भाग केला. आजही तो या मालिकेच्या सर्वोत्तम भागांत धरला जातो. चित्रपटगृहात न पेललेला लेखक नव्वद मिनिटांच्या चौकटीत पेलला. चौकट छळते हे खरं. पण कधीकधी ती वाचवतेही.

दुसरा लेखक रोल्फ बाझेडो, आणि त्याच्याशिवाय ही मांडणी पुरी होत नाही. बाझेडो हिंडणारा लेखक: पोलीस, वेश्यावस्ती, दलाल, स्थलांतरित कुटुंबं यांच्यात वेळ घालवून लिहिणारा. बर्लिनमधलं रशियन गुन्हेगारी जग आणि त्यात अडकलेला रीगाहून आलेल्या ज्यू कुटुंबातला तरुण पोलीस, यावर त्याने दहा भागांची मालिका लिहिली. नाव 'गुन्ह्याच्या समोरासमोर' अशा अर्थाचं. ग्राफने ती चित्रित केली. तीत सिगारेटची तस्करी आहे, 'ओडेसा' नावाचं रेस्टॉरंट आहे, आणि टेबलावर न संपणारी ताटं आहेत. गुन्ह्याचे निर्णय गोदामात होतात त्यापेक्षा जास्त जेवणाच्या टेबलावर होतात, ही गोष्ट कोणत्याही ग्रंथालयात बसून सुचत नाही. तिथे जेवून यावं लागतं. संवादांचा मोठा भाग रशियन, खाली जर्मन अक्षरं.

मग काय झालं? चित्रीकरण लांबलं, खर्च फुगला, निर्मितीसंस्था दिवाळखोरीत गेली. मालिका कशीबशी पुरी झाली. एप्रिल २०१० मध्ये आर्टे या फ्रेंच-जर्मन वाहिनीवर लागली, ऑक्टोबरमध्ये एआरडीवर, पण शुक्रवारी रात्री पावणेदहानंतर, दोन-दोन भाग एकदम. प्रेक्षक आले नाहीत. पुरस्कार मात्र ढिगाने आले. वाहिनीने यातून जो निष्कर्ष काढल्यासारखं दिसतं तो उलटा आहे: असलं काही लोकांना नको असतं. झोपायच्या वेळी, आठवड्याचा थकवा अंगावर असताना, अक्षरं वाचत शंभर मिनिटं बसा म्हटलं तर कोण बसेल? तोच पैसा, तीच मालिका रविवारी सव्वाआठला लावली असती तर काय झालं असतं, याचा अंदाज २०१८ मध्ये आला. 'बाबिलोन बर्लिन' ही गुन्हेमालिका एआरडीने रविवारी सव्वाआठला सुरू केली आणि लोकांनी ती पाहिली.

'बाबिलोन बर्लिन'चं नाव घेतलं की माझ्या मांडणीवरचा सर्वांत वजनदार आक्षेप समोर येतो. टॉम टिक्वर आणि त्याचे दोन साथीदार यांनी ती लिहिलीही आणि दिग्दर्शितही केली. मग 'बुख उंड रेजी' चाललं की! चाललं. पण तिथे डोकी तीन होती, पाया फोल्कर कुचरच्या कादंबरीचा होता, आणि पहिल्या सोळा भागांना सुमारे ४ कोटी युरो होते. शिवाय तिघांनी भाग वाटून घेतले नाहीत, ठिकाणं वाटून घेतली. त्यामुळे एकाच भागात तिघांनी चित्रित केलेले प्रसंग शेजारी येतात आणि एकट्याचा हट्ट कुठेच टिकत नाही. ही लेखक-दिग्दर्शक पद्धत म्हणायची तर समितीलाही एकाधिकारशाही म्हणावं लागेल.

दुसरा आक्षेप म्हणजे दिग्दर्शक क्रिस्टियान पेट्झोल्डचं उदाहरण. तो स्वतः लिहितो, स्वतः दिग्दर्शन करतो, आणि 'पोलित्सायरूफ ११०' या 'टाटोर्ट'च्या पूर्व जर्मन भावंडासाठी त्याने म्युनिकच्या कमिसारचे तीन भाग केले आहेत. खरं आहे. पण चित्रपटकार हारुन फारोकी २०१४ मध्ये जाईपर्यंत पेट्झोल्डच्या पटकथा त्याच्याशी बोलून, भांडून घडत होत्या. श्रेयनामावलीत कुठे सहलेखक, कुठे सल्लागार. दुसरं डोकं होतंच. ओळ तेवढी छोटी होती.

आणि आणखी मागे गेलं तर या सगळ्याचा मूळपुरुष दिग्दर्शक फ्रिट्झ लांग. ११ मे १९३१ रोजी बर्लिनमध्ये 'एम' प्रदर्शित झाला, आणि बालहत्या करणाऱ्याला पोलीस आणि गुन्हेगार दोघेही शोधताहेत ही मांडणी जगाला मिळाली. लांगचं नाव सगळ्यांना माहीत असतं. पटकथेत त्याची भागीदार होती त्याची बायको थेआ फॉन हार्बू, आधीपासून नावाजलेली कादंबरीकार. दोघं १९३३ मध्ये विभक्त झाली. (याच थेआने पुढे बेळगावजवळच्या बेळगुंदीच्या आयी गणपत तेंडुलकरांशी लग्न केलं, मराठी वाचकाला ती कुठे आठवलीच तर या नात्याने आठवते, लेखिका म्हणून नाही. जर्मनीत तिची स्थिती फार वेगळी नाही, अर्थात त्याला तिची नाझी पक्षाशी जवळीकही कारण आहे.)

ग्राफच्या बाजूनेही एक उलटा दाखला आहे. ऑक्टोबर २०१७ मध्ये स्टुटगार्टच्या 'टाटोर्ट'मध्ये त्याने आरएएफ या सत्तरच्या दशकातल्या दहशतवादी गटाचा विषय घेतला, आणि या वेळी पटकथेतही तो सहलेखक होता. १९७७ साली श्टामहाइमच्या तुरुंगात झालेल्या या गटाच्या नेत्यांच्या मृत्यूंचे वेगवेगळे तर्क त्याने जुन्या बातमीपटांसारख्या दृश्यांत रंगवले. आत्महत्या हा अधिकृत निष्कर्ष, खुनाचा तर्क हा कटवाल्यांचा. दोन्ही एकाच दाणेदार फिल्मवर दिसल्यावर प्रेक्षकाला फरक कळणार कसा, असा ओरडा झाला आणि तो रास्त होता. पडद्यावरचं कौशल्य तेच, वेग तोच. पण कागदावरच 'हे दृश्य काय सिद्ध करतं?' असं विचारणारा जो वेगळा माणूस हवा, त्याची जागा दिग्दर्शकाने अर्धी व्यापली होती.

२०१८ च्या उन्हाळ्यात जर्मन पटकथालेखकांनी 'कॉन्ट्राक्ट १८' नावाची मागण्यांची यादी काढली आणि यापुढे याच अटींवर करार करू असं जाहीर केलं. शेवटच्या ड्राफ्टपर्यंत पटकथेचा ताबा लेखकाकडे. दिग्दर्शकाच्या निवडीत लेखकाचं मत. कलाकारांसोबतच्या वाचनाला निमंत्रण. रफ कट, म्हणजे संकलनातला पहिला कच्चा कट, वेळेत पाहायला मिळणं. प्रसिद्धीत नाव. दिग्दर्शकांच्या गोटात नाराजी पसरली. यातली एक मागणी मला पटत नाही: दिग्दर्शकाच्या निवडीत लेखकाचं मत चालू लागलं तर तो आपल्याला सोयीचाच माणूस मागणार, आणि मग दोन डोकी पुन्हा एक होतील. श्युटरला सोयीचा दिग्दर्शक मिळाला असता तर 'फ्राउ बू' झाला नसता. बाकीच्या मागण्या मात्र बिनशर्त मान्य व्हाव्यात. त्यांच्यात एक भर हवी: संशोधनाचा वेगळा हप्ता, पानांशी न बांधलेला. पंधरा लाखांहून जास्त युरो खर्चाच्या भागात लेखकाला चार महिने हिंडायला वीस-पंचवीस हजार देणं म्हणजे फार तर दीड टक्क्याच्या आसपासचा प्रश्न आहे. चित्रीकरणाच्या एका दिवसाला त्याहून जास्त लागतात.

रफ कटची मागणी दिसायला किरकोळ, पण धंद्यातल्या माणसाला तिचं मोल कळतं. पहिला कट एकशे चार मिनिटांचा येतो असं धरा. अठ्ठ्याऐंशीवर आणायचा आहे. संकलक आणि दिग्दर्शक सोळा मिनिटं काढतात, आणि साहजिकच जे संथ वाटतं ते आधी जातं. बाविसाव्या मिनिटाला शेजारीण कचऱ्याचा डबा आत घेताना म्हणते, 'गाडी तर मंगळवारीच येऊन गेली.' प्रसंग निर्जीव, अभिनय बरा, जातो कात्रीखाली. मग सत्तराव्या मिनिटाला कमिसार मंगळवारचा उल्लेख करून संशयिताला पकडतो आणि प्रेक्षक विचारतो, याला कुठून कळलं? दिग्दर्शकाच्या ते लक्षात येत नाही, कारण त्याने तो प्रसंग तीस वेळा पाहिलेला असतो. त्याच्या डोक्यात शेजारीण अजून बोलते आहे. लेखक खोलीत असेल तर दोन मिनिटांत सांगतो: प्रसंग नको असेल तर नको, पण कमिसार गाडीत बसताना पाठमोरा आहे ना, तिथे फोनवरचं एक वाक्य घाला, तोंड दिसत नाही, डबिंगला अर्धा तास पुरेल. लेखक खोलीत नसेल तर हे भोक रविवारी सव्वाआठला सगळा देश पाहतो.